दांड्याच्या मागच्या टोकाला

हरसूलकडच्या डोंगरात आमचं वरचं वावर आहे. तिथे ट्रॅक्टर चढत नाही, त्यामुळे बांधाचे दगड आजही दांड्यावरच वाहावे लागतात. दांडा म्हणजे पुरुषभर लांबीचा भरीव बांबू. दगडाला दोराचा फास घालायचा, तो दांड्याच्या मधोमध अडकवायचा आणि दोघांनी पुढून-मागून खांदा द्यायचा. काम साधं, पण जागा ठरलेल्या. कच्चा गडी पुढं, पक्का मागं. चढावर भार आपोआप मागच्याकडं सरकतो, आणि दोरही त्याच्याच हातात असतो. पुढच्याला फक्त वाट दिसते.

कळत्या वयापासून मी पुढं चालत आलो, वडील मागं. ते दोर गुपचूप आपल्याकडं ओढून घेत, हे मला हलक्या झालेल्या खांद्यावरून कळायचं. कळूनही मी कधी तोंड उघडलं नाही. मला ते सोयीचंच होतं. नाशिकला नोकरी लागल्यावर तर मी रविवारपुरता शेतकरी उरलो.

यंदा पावसानं बांध ढासळला. दिवाळीनंतरच्या एका रविवारी आम्ही दोघं दगड वाहायला गेलो. वडिलांनी सत्तरी ओलांडलेली. पहारीनं दगड उचकटतानाच त्यांना धाप लागत होती.

"बाबा, मजूर लावू ना," मी म्हणालो.

"मजुराला काय चार हात असत्यात का?"

तिसऱ्या खेपेला दांडा एकदम मागं ओढला गेला. त्यांना ठेच लागली होती. ते सावरले. पण चौथ्या खेपेला मी बोलून गेलो, "बाबा, तुमी पुढं चाला."

त्यांनी माझ्याकडं पाहिलं. खांद्यावरची टॉवेलची घडी नीट केली आणि पुढच्या टोकाला जाऊन उभे राहिले. मी इतका ओशाळलो, की बोललेलं परत घ्यावंसं वाटलं. घेतलं नाही.

तेवढ्यावर थांबलो असतो तरी निभावलं असतं. पण माझं शहाणपण उतू चाललं होतं. चढ लागताच मी दोर माझ्याकडं ओढला, चांगला हातभर. माझा खांदा भरून आला आणि मला, खोटं कशाला बोलू, फार बरं वाटलं. म्हटलं, आता कुठं आपण मुलगा म्हणून कामाला आलो.

दहा पावलांवर ते थांबले. दांडा खांद्यावर असताना मागं वळून बघता येत नाही.

"दोर मधी हाय का?"

"मधीच हाय, बाबा."

जन्मभर मागच्या टोकाला चाललेल्या माणसाला मी हे सांगत होतो. ते "बरं" म्हणून चालू लागले.

दुपारपर्यंत आम्ही आणखी सहा दगड नेले. दर वेळी ते आपणहून पुढं जाऊन उभे राहत. दोराचं पुन्हा विचारलं नाही. त्यांनी मला शिव्या घातल्या असत्या तर मी सुटलो असतो.

संध्याकाळी आई कोमट तेलाची वाटी घेऊन ओसरीवर आली. दगड वाहिले की खांदे चोळायचे, ही तिची पद्धत. ती वडिलांजवळ बसली, पण त्यांनी सदरा काढला नाही.

"त्याला चोळ," ते म्हणाले. "मी आज काय उचललंच नाय."