कोळ्यांची जात आणि आमचं डिपार्टमेंट

गोगलगायींवर काम करणाऱ्या माणसाला कुणी काही विचारत नाही. हे मी अनुभवाने सांगतो, कारण मी गोगलगायींवर काम करतो. पण आमच्या डिपार्टमेंटमधले बाकीचे दोघे कोळ्यांवर काम करतात, म्हणजे जाळी विणणाऱ्या आठ पायांच्या कोळ्यांवर, आणि कोळ्याबद्दल मत नाही असा माणूस रत्नागिरीत तरी मला भेटलेला नाही. रिक्षावाल्यापासून प्राचार्यांपर्यंत प्रत्येकाकडे त्याच्या बाथरूममधला एक कोळी असतो आणि तो हमखास 'एवढा मोठा' असतो. अशा माणसांत रोज उठबस असली की किस्से गोळा करावे लागत नाहीत, ते कोपऱ्याकोपऱ्यात आपोआप लोंबायला लागतात.

हे दोघे म्हणजे आमचे हेड सुर्वे सर आणि त्यांच्याकडे पीएचडी करून आता आमच्यातच शिकवणारी नीलम मयेकर. सर निवृत्तीला आलेले, उंच, किंचित वाकलेले. गळ्यात चष्म्याऐवजी भिंग असतं.

*

सुरुवात नाटे गावापासून करतो. तिथल्या खाडीकाठच्या झाडीत कोळी शोधायचे होते. नीलमने रीतसर गावात फोन करून ठेवला होता, 'आम्ही कॉलेजमधून कोळ्यांचा सर्व्हे करायला येतोय. त्यांचं वर्गीकरण करायचंय.'

आम्ही पोचलो तर देवळासमोर सतरंजी घातलेली. तीसेक माणसं बसलेली, बायका वेगळ्या बाजूला. कुणी आधार कार्ड घेऊन आलेलं, कुणी बोटीची कागदपत्रं. सरांना नारळ दिला गेला. सर बिचारे आनंदून गेले. कोळ्यांबद्दल एवढी आस्था त्यांनी कुठे पाहिली नव्हती. त्यांनी उभं राहून भाषणच सुरू केलं. "कोळी हा अत्यंत उपयोगी, पण दुर्लक्षित घटक आहे."

माणसांनी माना डोलावल्या.

"त्याला आठ पाय असतात हे आपल्याला माहीत आहेच," सर म्हणाले.

माना थांबल्या. बाजूला बायकांत खसखस पिकली. नीलमच्या लक्षात सगळं आलं आणि तिने पुढे होऊन खुलासा केला, माफी मागितली. तिला वाटलं होतं आता माणसं चिडतील. पण पुढे बसलेली एक म्हातारी पदर सावरत उठली आणि सरांना म्हणाली, "ता सगला ठीक हाय. पन आमी कोली नायच. आमी खारवी. तुमचा वर्गीकरण हितंच चुकला."

मग तीच आम्हाला झाडीत घेऊन गेली. दुपारी तिच्याकडेच जेवलो.

*

सरांना कोळी जतन करायला अल्कोहोल लागतं आणि अल्कोहोल म्हटलं की परवाना आला, तपासणी आली. एकदा एक नवीन इन्स्पेक्टर आले. त्यांना शंका होती की कॉलेजला एवढं लागतं कशाला. सरांनी कपाट उघडलं. शेकडो बाटल्या, प्रत्येकीत तळाशी एकेक कोळी, पाय दुमडून बसलेला.

इन्स्पेक्टरांनी एक बाटली उजेडात धरली, परत जागेवर ठेवली, रुमालाने हात पुसले. "सर," ते म्हणाले, "यातलं कुणी पीत असेल तर त्याला आमची नाही, डॉक्टरची गरज आहे."

*

प्रॅक्टिकलच्या परीक्षेला बाहेरून एक परीक्षक आले होते. अगदी कडक. टेबलावर ओळखायला ठेवलेल्या नमुन्यांत एक जुना कोळी होता. जुने नमुने ठिसूळ होतात. सकाळच्या बॅचला त्याला आठ पाय होते. ताटली इकडून तिकडे सरकत राहिली आणि दुपारच्या बॅचपर्यंत सहा उरले.

झालं. सहा पाय म्हणजे कीटक. दुपारच्या निम्म्या पोरांनी छानपैकी 'कीटक' लिहून टाकलं. परीक्षकांनी भराभर शून्य द्यायला सुरुवात केली. सरांनी ती ताटली नेऊन त्यांच्यासमोर ठेवली आणि म्हणाले, "मोजा."

परीक्षकांनी मोजले. पुन्हा मोजले.

"वर्षभर मी यांना सांगतो, पुस्तकात काय आहे ते लिहू नका, डोळ्यांना दिसतं ते लिहा," सर म्हणाले. "आज पहिल्यांदा ऐकलंय त्यांनी. त्याबद्दल शून्य द्यायचं?"

शून्याचे अर्धे मार्क झाले. पण एका मुलीचं उत्तर वेगळं होतं. तिने लिहिलं होतं, 'पाय सहा दिसतात. तरी कीटक नसावा. कीटकाचं डोकं आणि छाती वेगवेगळी असतात, याची एकत्र आहेत. बिचारा कोळी असावा.'

परीक्षकांनी 'बिचारा' या शब्दाला लाल गोल केला. "ही कुठली टर्मिनॉलॉजी?"

"लोकल," सर म्हणाले, आणि पूर्ण मार्क मागून घेतले.

*

मालगुंडला एका वाडीत पोफळींमध्ये मोठं, सोनेरी झाक असलेलं जाळं होतं. मधोमध तळहाताएवढी मादी बसलेली. वाडीची मालकीण, आक्का म्हणायचे तिला सगळे, सरांच्या शेजारी येऊन उभी राहिली. सरांनी तिला जाळ्याच्या कडेला असलेला एक तांबूस ठिपका दाखवला. "तो तिचा नवरा."

"तो?" आक्का हसायला लागली. "त्याच्यापेक्षा मोठी तर तिची पोटरी आहे."

सरांना श्रोता मिळाला की थांबत नाहीत. त्यांनी सांगितलं की कोळ्यांमध्ये नर आणि मादी इतके वेगळे दिसतात की कितीतरी वेळा शास्त्रज्ञांनी दोघांना वेगवेगळ्या प्रजाती समजून दोन नावं दिली. एकाला इकडे नर मिळाला, दुसऱ्याला तिकडे मादी. दोघांना एकत्र कुणी पाहिलंच नाही. पुढे कधीतरी कुणाला तरी ते एका जाळ्यात दिसले आणि मग कळलं की हे एकच आहेत.

आक्काचं हसू कमी झालं. ती ओट्याकडे बघायला लागली. तिथे तिचे यजमान सुपाऱ्या सोलत बसले होते.

"हे सगळी उमर मुंबईला, गोदीत," ती म्हणाली. "मी इथं. गणपतीला आणि शिमग्याला यायचे, तेवढंच. आमचीपण दोन रेशनकार्डं होती."

ओट्यावरून आवाज आला, "आता एकात आहोत गो."

सरांनी भिंग काढलं आणि उगाचच पुसत बसले.

*

नीलमच्या सासूबाईंचा किस्सा जरा मोठा आहे.

हातखंब्याच्या पुढे एका सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, फटीत उगवलेल्या गवतात, नीलमला एक छोटा उड्या मारणारा कोळी सापडला. पाठीवर पांढरी नक्षी. तिने ती कधी पाहिली नव्हती, सरांनीही नाही. नवी प्रजाती असली तर नीलमच्या नावावर पहिलीच. पण कोळी पिल्लू होता. कोळ्याची प्रजाती नक्की ठरते ती त्याच्या जननेंद्रियांच्या रचनेवरून, आणि ती पूर्ण वाढ झाल्यावरच तयार होते. म्हणजे वाढवणं आलं. नीलमने तो बरणीत घालून घरी नेला.

सासूबाईंना कोळी पाहिला की झाडू आठवतो. पहिले दोन दिवस त्या स्वयंपाकघरात बरणी ठेवलेल्या टोकाला गेल्या नाहीत. मग एकदा नीलमने सांगितलं की हा लहान आहे, मोठा झाल्याशिवाय त्याची जात कळत नाही.

सासूबाई पोळी लाटता लाटता थांबल्या. "मोठा होईपर्यंत जात कळत नाही?"

"नाही."

"मग बरा आहे तो," म्हणाल्या आणि पोळी तव्यावर टाकली.

त्या दिवसापासून बरणी त्यांच्या ताब्यात गेली. पिकलेल्या केळ्याच्या सालीवर चिलटं जमवायची आणि त्याला सोडायची. उड्या मारणाऱ्या कोळ्याला पुढे दोन मोठे डोळे असतात आणि तो मान वळवल्यासारखा वळून आपल्याकडे बघतो. "मी आले की बघतो," त्या शेजारणीला सांगायच्या. "आमच्या घरात तेवढा एकच बघतो."

एका सकाळी कॉलेजमध्ये फोन आला. सासूबाई रडत होत्या. "गेला गो तो. उताणा पडलाय."

नीलम लेक्चर सोडून घरी धावली. मीच स्कूटरवर सोडलं. बरणीत खरंच एक वाळका, रिकामा देह पडला होता. नीलमने बरणी उजेडात फिरवली, तर झाकणाखाली त्यानेच विणलेल्या रेशमी पिशवीतून दोन डोळे बाहेर बघत होते. कात टाकली होती त्याने. वाढ पूर्ण झाली होती. आणि तो 'तो' नव्हताच, ती होती.

आता खरी अडचण आली. रचना पाहायची तर कोळी अल्कोहोलमध्ये घालायला हवा. सासूबाईंनी बरणी पोटाशी धरली. "आत्ता मी मेला म्हणून रडले आणि लगेच तू मारणार?"

नीलमने सरांना फोन लावला. तिची अपेक्षा होती सर सासूबाईंना समजावतील. सरांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "अजून किती जगेल?"

"काही महिने."

"मग थांबू," सर म्हणाले. "तिला इतके दिवस नाव नव्हतं, अजून थोडे दिवस नसलं तर काय बिघडतं?"

नीलम थांबली. गणपती होऊन गेल्यावर सासूबाईंनी स्वतःच बरणी तिच्या हातात दिली. आत हालचाल नव्हती. "बघ आता काय बघायचं ते."

मायक्रोस्कोपखाली उत्तर दुपारपर्यंत मिळालं. नवीन काही नव्हतं. आमच्या कॉलेजच्या कंपाउंडवर दिवसाला पाच सापडतील असा कोळी. पिलूपणी नक्षी तेवढी वेगळी. नीलमचा चेहरा उतरला. घरी सांगताना तिला वाईट वाटत होतं. "सगळीकडे असतो म्हणे तो. अगदी कॉमन."

"असू दे," सासूबाई म्हणाल्या. "हा आपल्याकडे होता."

*

आता शेवटचा.

तरुणपणी सरांनी एका कोळ्याला नवी प्रजाती म्हणून नाव दिलं होतं. लग्न नुकतंच झालेलं, म्हणून बायकोचं नाव, मालती, लॅटिन शेपूट लावून. त्या शोधनिबंधाचं पहिलं पान फ्रेम करून त्यांच्या दिवाणखान्यात टीव्हीच्या वर लावलेलं होतं. नवीन पाहुणा आला की मालतीवहिनी त्याला ते दाखवायच्या. "लोक बायकोला साडी घेतात, ह्यांनी कोळी दिला."

मागच्या वर्षी नीलम त्याच गटावर काम करत होती. परदेशातल्या एका म्युझियममधल्या जुन्या नमुन्याचे फोटो तिने मागवले आणि ते बघून ती दिवसभर मायक्रोस्कोपपासून हलली नाही. सरांचा कोळी आणि तो जुना कोळी एकच होता. शंभरेक वर्षांपूर्वी कुणीतरी त्याला नाव देऊन ठेवलं होतं. आमच्या शास्त्रात आधीचं नाव खरं, नंतरचं रद्द.

"सरांना मी कसं सांगू?" तिने मला विचारलं.

शेवटी तिने फोटो सरांच्या टेबलावर ठेवले आणि उभी राहिली. मी तिच्या मागे. सरांनी भिंग लावलं. स्वतःचा नमुना कपाटातून काढला, मायक्रोस्कोपखाली घातला. बराच वेळ डोळा वर उचलला नाही.

"तुझं बरोबर आहे," ते म्हणाले. "छापून टाक. माझं नाव रद्द करणारा पेपर माझ्याच विद्यार्थिनीचा असू दे."

मग नमुना परत बाटलीत ठेवत म्हणाले, "पण घरी माझ्याबरोबर या दोघंही. एकट्याने सांगायला होणार नाही मला."

संध्याकाळी आम्ही गेलो. वहिनींनी कोकम सरबत दिलं. सरांनी फ्रेमकडे न बघता सगळं सांगितलं.

वहिनींनी शांतपणे ऐकलं. "म्हणजे माझ्या आधी त्याला दुसरं नाव होतं."

"हो."

"आणि आता तेच राहणार."

"नियम आहे, मालती."

"त्या नावाचा अर्थ काय?"

सरांनी नीलमकडे पाहिलं, नीलमने माझ्याकडे.

"लॅटिन आहे ते," सर म्हणाले. "त्याचा अर्थ... दुर्लक्षित."

वहिनींनी हातातला रिकामा पेला ट्रेमध्ये ठेवला. फ्रेमकडे पाहिलं, मग सरांकडे.

"मग बदललं काय त्यात?"

सर उठले आणि चहा करायला आत गेले. साखर कुठे असते, ते त्यांना आतून विचारावं लागलं.