दाखलवहीतला हरवलेला डाव

माझ्या थोरल्या साडूंइतका शिस्तीचा माणूस सांगलीत दुसरा झाला नाही, आणि त्या शिस्तीवर माझ्याइतका जळणारा माणूस साताऱ्यात दुसरा झाला नाही. साडू मागच्या वर्षी गेले. पण आमच्या नात्यात लग्न असो की बारसं, पंगत उठली की कुणीतरी ती जुनी गोष्ट काढतंच : थोरल्या जावयानं सासऱ्यांचा जिंकत आलेला डाव कॉम्प्युटरमधून पुसून टाकला. सगळे हसतात. मीही हसत आलो. आता माझी पंचाहत्तरी उलटली आहे आणि ते हसणं घशाखाली उतरत नाही. ती गोष्ट खोटी आहे. खरी कुठली ते मला ठाऊक आहे. फक्त मलाच ठाऊक आहे, अशी माझी बरीच वर्षं समजूत होती.

साडू सांगलीच्या एका जुन्या वाचनालयात ग्रंथपाल होते. ग्रंथपाल पुष्कळ असतात, पण ते संध्याकाळी वाचनालय बंद करून घरी जातात. साडू वाचनालय बरोबर घेऊन घरी येत. त्यांच्या घरात लोणच्याच्या बरण्यांना क्रमांक होते, पाहुण्यांच्या चादरींना होते, दाराशी ठेवलेल्या जादा चपलांना होते. एकदा भर पावसात मी त्यांच्याकडून निघालो तेव्हा त्यांनी मला छत्री दिली आणि एका वहीत माझी सही घेतली. बरोबर पंधराव्या दिवशी साताऱ्याला कार्ड आलं. वाचनालयाचं छापील स्मरणपत्र. त्यातला 'पुस्तक' हा शब्द खोडून वर सुवाच्य अक्षरात 'छत्री' लिहिलं होतं. बाकी मजकूर तसाच. 'आपण नेलेले छत्री क्र. ३ वाचून झाले असल्यास परत करावे. मुदत संपली आहे.' मी ती छत्री केवळ हट्टानं परत केली नाही. पुढं दरवर्षी मृगाच्या सुमाराला ते कार्ड येत राहिलं, आणि दरवर्षी ते वाचून मी जळत राहिलो, कारण आमची ही ते कार्ड देवघरातल्या अंगाऱ्यासारखं हातात धरून म्हणे, "बघा, दाजींचं कसं सगळं जागच्या जागी असतं. तुम्हाला स्वतःचा चष्मा सापडत नाही."

मी वयानं साडूंपेक्षा दोन वर्षांनी मोठा. पण माझी बायको धाकटी, त्यामुळं मी जन्मभर धाकटा जावई. तेही मला प्रेमानं 'धाकटे' म्हणत. "या धाकटे, बसा धाकटे." प्रत्येक 'धाकटे' मला टाचणीसारखं टोचत असे आणि त्या सज्जन माणसाला त्याचा पत्ता नसे.

नव्वदनंतरची ती वर्षं. साडूंनी एका कॉलेजानं मोडीत काढलेला कॉम्प्युटर घरी आणला. टेम्पोतून तो उतरवताना अख्खी कॉलनी जमली होती म्हणे. आक्कांनी, म्हणजे माझ्या मेहुणीनं, त्याच्यासाठी क्रोशाचं झाकण विणलं. खोलीत शिरताना चपला बाहेर, पाय धुऊन, आणि भिंतीवर वाचनालयातली जुनी पाटी : 'शांतता राखा'. मग साडूंनी ओळखीपाळखीतून, पुण्या-कोल्हापुरातून, फ्लॉपीवर खेळ मागवायला सुरुवात केली. पडत्या विटा रचायचा खेळ, सापाचा खेळ, विमानं पाडायचा खेळ. प्रत्येक खेळाला दाखल क्रमांक मिळे आणि लाल कापडी बांधणीच्या दाखलवहीत नोंद होई. नाव, आल्याची तारीख, कर्ता, डिस्कवर उरलेली जागा. कर्त्याच्या रकान्यात बहुतेक 'अज्ञात'. शेवटचा रकाना शेऱ्याचा. विमानाच्या खेळापुढं शेरा होता : 'हिंसा आहे, पण आकाशात.'

संध्याकाळी पाच ते सात कॉलनीतली माणसं खेळायला येत. निवृत्त पोस्टमास्तर येत, शेजारच्या डॉक्टरीणबाई येत. एका वेळी एक वाचक. खेळणाऱ्यालाही साडू वाचकच म्हणत. गुरुवारी बंद, कारण वाचनालय गुरुवारी बंद. आवाज होऊ नये म्हणून त्यांनी कॉम्प्युटरच्या भोंग्याची वायर काढून ठेवली होती. तिथं विमानं कोसळत ती एखादं पान उलटावं तशी, निःशब्द.

इथवर मी नुसता जळत होतो. जळण्यानं कुणाचं काही बिघडत नाही. बिघडलं ते आमचे सासरे तिथं राहायला गेल्यावर.

सासरे कोरेगावचे. फौजेतून सुभेदार होऊन निवृत्त झालेले, मिशा अजून ड्यूटीवर असल्यासारख्या. आम्ही त्यांना मामा म्हणायचो. फौजेत एका बंगाली डॉक्टरानं त्यांना बुद्धिबळ शिकवलं होतं. साताऱ्याहून कोरेगाव जवळ, म्हणून लग्नानंतर पंधरा वर्षं मी दर रविवारी जाऊन त्यांच्याशी डाव मांडत आलो. दर रविवारी हरत आलो. सासऱ्याला जिंकू द्यावं, एवढी रीत मला कळत होती. थोरल्या साडूंना बुद्धिबळातला घोडा नि उंट ओळखू येत नसे. सगळ्या सासुरवाडीत माझी म्हणून एवढी एकच जागा होती : पटाच्या अलीकडची.

मामांचे गुडघे धरले, मिरजेला उपचार ठरले आणि ते दोन महिन्यांसाठी साडूंकडं सांगलीला गेले. साडूंनी त्यांच्यासाठी कुठून तरी बुद्धिबळाचा खेळ मिळवला. दाखल क्रमांक सात. पुढच्या रविवारी मी पट पिशवीत घालून सांगलीला पोचलो तर मामा पडद्यापुढं ताठ बसलेले. माझ्याकडं न बघता म्हणाले, "या धाकटं पावनं. बसा. ह्या मशिनीनं लय खोडी काढलीय माझी. चार डाव झालं, येक सुदिक सोडत न्हाई."

"मामा, आपला पट आणलाय," मी म्हणालो.

"ऱ्हाऊ द्या वो. तुमी मुद्दाम हरता. ही न्हाई हरत."

साडू आतून सरबत घेऊन आले आणि म्हणाले, "धाकटे, पट आपण क्रमांक घालून कपाटात ठेवू, हरवायचा नाही." त्यांनी खरोखर ठेवला. साताऱ्याला परतताना माझी पिशवी रिकामी होती.

त्याच सुमाराला आमच्या कचेरीनं मला कॉम्प्युटरच्या पंधरा दिवसांच्या प्रशिक्षणाला धाडलं. शिकवलेलं बाकी सगळं मी विसरलो. एक गोष्ट मात्र खिशातल्या डायरीत लिहून ठेवली : एखादी फाइल पुसायची नसेल, पण कुणाला दिसूही द्यायची नसेल, तर एका ओळीच्या हुकुमानं ती लपवता येते. असते तिथंच, पण यादीत येत नाही, आणि बोलावलं तरी ओ देत नाही.

पुढच्या खेपेला साडू दूध आणायला गेले असताना मी विटांचा खेळ लपवला. खोटं कशाला बोलू, आनंद झाला.

नंतरचा शोध मला आक्कांच्या पत्रांतून कळत गेला. साडूंनी आधी पडदा पुसला. मग यादीतली नावं एकेक करून दाखलवहीशी ताडली, वाचनालयात पुस्तकांची मोजदाद करतात तशी. खेळ चुकून दुसऱ्या अक्षराखाली गेला असेल म्हणून 'ए'पासून 'झेड'पर्यंत पाहिलं. फ्लॉप्या ओळीनं मांडून त्यांना ऊन दाखवलं, वाळवीच्या संशयानं. शेवटी ग्रंथपालाला सुचावं तेच त्यांना सुचलं. पुस्तक जागेवर नाही म्हणजे कुणीतरी नेलेलं आहे, आणि नेणारा वाईट नसतो, विसराळू असतो. त्यांनी खोलीत येऊन गेलेल्या सगळ्यांना कार्डं धाडली. 'आपण नेलेले विटांचा खेळ वाचून झाले असल्यास परत करावे.'

कॉलनीत धरणीकंप झाला. विटांचा खेळ कुणाकडंच नव्हता, पण दुसरं बरंच काही होतं. पोस्टमास्तर सात वर्षांपूर्वी नेलेलं एक चरित्र घेऊन खाली मान घालून आले. डॉक्टरीणबाईंनी तीन कादंबऱ्या आणि आक्कांचा स्टीलचा डबा आणून दिला. वाचनालयाची एकूण अकरा पुस्तकं आठवड्यात परत आली. वाचनालयाच्या मंडळींनी साडूंना शाल पांघरली. खोडी मी काढली, शाल त्यांना! आमच्या हिनं ते पत्र मला दोनदा वाचून दाखवलं. मी रागारागानं पुढच्या खेपेला सापही लपवला.

तेवढ्यात धोंड्याचा महिना आला. जावयांना अनारसे घालायचे ते सासऱ्यांनी, पण मामा सांगलीत, म्हणून पंगत साडूंकडंच. जावयाचा मान मी दुसऱ्या जावयाच्या घरी, चादर क्रमांक चारवर बसून घेतला. मामा त्या दिवशी भलतेच खुशीत होते. अनारसा मोडता मोडता सांगत होते, "मशिनीचा वजीर खाल्ला काल. आता चार चालीत तिला मात हाय. जरा डुलकी काढतो, मग समद्यांनी बगायला यायचं. धाकटं पावनं, तुमी म्होरं बसा, तुमाला कळतंय त्यातलं."

मला त्यातलं कळतं, एवढं ते सगळ्यांसमोर बोलले. एखाद्यानं तेवढ्यावर समाधान मानलं असतं. मला वाटलं, एकदा का हे मशिनीला हरवून बसले की माझा पट त्या कपाटातून कधीच बाहेर येणार नाही. अनारसे जड झाले, घर दुपारचं आडवं झालं. मी पाय धुऊन, पाटीनं सांगितलं होतं तशी शांतता राखून, क्रमांक सात लपवला. त्यातला मांडलेला डावही.

चार वाजता मामा पडद्यापुढं बसले. सगळे मागं उभे. साडूंनी खेळाचं नाव टाइप केलं. काही नाही. पुन्हा केलं. पुन्हा काही नाही. मग त्यांनी यादी काढली आणि ती वरून खालपर्यंत बोट धरून वाचली. शेवटच्या ओळीवर, डिस्कवर मोकळी जागा किती ते येतं, तिथं त्यांचं बोट जरा थांबलं. त्यांनी दाखलवही उघडून एक आकडा पाहिला, मिटली. मग मागं वळून त्यांनी आम्हा सगळ्यांकडं पाहिलं. माझ्याकडं इतरांपेक्षा जास्त पाहिलं, असं त्या वेळी मला वाटलं नाही.

"मामा," ते म्हणाले, "माझ्या हातून पुसला गेला. सकाळी आवराआवर करत होतो."

मामांच्या मिशा हलल्या. "आवं थोरलं पावनं, लोणच्याच्या बरणीला लंबर हाय तुमच्यात, अन् माझा डाव तेवढा घावंना व्हय?"

साडूंनी कॉम्प्युटर बंद करून त्यावर क्रोशाचं झाकण घातलं. आक्का म्हणाल्या, "अहो, तुम्ही सकाळी खोलीतसुद्धा गेला नाहीत." ते म्हणाले, "गेलो होतो."

दुसऱ्या दिवशी मामा माझ्याबरोबर एसटीत बसून कोरेगावला निघाले. उपचार संपायला आठवडा होता, तरी. निघताना साडूंनी कपाटातून माझा पट काढून दिला, वहीत सही घेतली आणि म्हणाले, "धाकटे, सांभाळून न्या." कऱ्हाड मागं पडलं. उंब्रजला गाडी थांबली तेव्हा मामा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "ऐतवारी याल न्हवं?"

"येतो की मामा."

"पर येक सांगतो. खरं खेळा. मुद्दाम हरू नगासा."

त्या रविवारी मी पंधरा वर्षांत पहिल्यांदा जिंकण्यासाठी खेळलो. जीव तोडून खेळलो. बाविसाव्या चालीला हरलो. पुढच्या रविवारीही हरलो. तिसऱ्या रविवारी मामा खदखदून हसले. "आयला, तुमी मुद्दाम हरत न्हवता तर! उगंच बोल लावला म्यां." त्यानंतर ते होते तोवर आम्ही खेळलो, आणि ती माझ्या आयुष्यातली फार सुखाची दोन वर्षं होती. पण डाव संपला की सोंगट्या गोळा करताना ते कधीमधी म्हणत, "चार चाली ऱ्हायल्या हुत्या. थोरल्यानं पुसला." मी सोंगट्या मोजत बसे. सांगलीला ते पुन्हा गेले नाहीत. साडू भेटायला येत तेव्हा मामा नीट बोलत, पण 'या, बसा'च्या पुढं फारसं नाही. साडू बसत, पट बघत, आणि 'हा घोडा ना?' असं उंटाकडं बोट दाखवून विचारत.

मामा गेले. कॉम्प्युटर पुन्हा एकदा मोडीत गेला. मी बोललो नाही. आधी लाज वाटली म्हणून, मग उशीर झाला म्हणून, आणि नंतर नंतर सवय झाली म्हणून.

साडू गेल्यावर, कार्यं उरकल्यावर, आक्कांनी ती लाल दाखलवही माझ्यापुढं ठेवली. "तुम्हाला द्यायला सांगितलं होतं," एवढंच म्हणाल्या. मी शेऱ्याचा रकाना बघितला. विटांच्या खेळापुढं आधी पेन्सिलीनं लिहिलं होतं, 'गहाळ. शोध चालू.' सापापुढंही तेच. दोन्ही पुढं शाईनं खोडले होते. धोंड्याच्या महिन्यातली तारीख घालून खाली लिहिलं होतं, 'पुस्तक गेले की फळीवर फट पडते. इथे खेळ तीन गेले, पण जागा मोकळी झालेली नाही. म्हणजे खेळ घरातच आहेत. तिन्ही वेळा घरात असलेला पाहुणा एकच.' आणि तिन्ही खेळांपुढं, त्याच सुवाच्य अक्षरात, कुणी काय नेलं ते लिहायच्या पद्धतीनं एकच नाव : 'धाकट्यांकडे.'

क्रमांक सातपुढं आणखी दोन शब्द होते. 'मुदत नाही.'

तेव्हा आमच्या नात्यातल्या सगळ्यांनी ही नोंद करून घ्यावी : डाव साडूंनी पुसला नव्हता. मी लपवला होता, आणि त्यांना ते त्याच दुपारी कळलं होतं.

छत्री क्रमांक तीन अजून माझ्याकडं खुंटीला आहे. तिची मुदत मात्र होती. यंदाही मृग आला, पाऊस लागला, पोस्टमन दोनदा दारावरून गेला. कार्ड आलं असतं तर मी पहिल्या एसटीनं सांगलीला जाऊन छत्री परत केली असती, आणि 'या धाकटे' म्हटल्यावर मुकाट बसलो असतो.