शनिवारी खाली बसणाऱ्या बाई

आणीबाणी उठली त्या वर्षी, दिवाळीच्या सुट्टीनंतरच्या एका रविवारी, जामजवळच्या आमच्या गावाबाहेरची पारध्यांची पाले उठवण्यात आली. चौथीत शिकणारी बिजली त्यांच्यासोबत गेली. त्यानंतर चौथीच्या बाई शनिवारी खुर्चीवर बसू लागल्या.

त्याआधी त्या शनिवारी खाली बसत. शेवटचा तास आला की खडू टेबलावर ठेवत आणि तरटपट्टीवर मुलांच्या रांगेत मांडी घालत. ज्याची पाळी असे त्याने त्यांच्या जागी उभे राहून घरचे एखादे काम वर्गाला शिकवायचे. "तुम्हाला येतं ते मला येत नाही. शिकवा," असे त्या म्हणत. आमची भाजीची वाडी होती. मी मेथीची जुडी बांधायला शिकवली. बाईंची जुडी दोनदा सुटली. "बाई, ढिल्ली बांधून राह्यल्या तुमी," मी म्हणालो. त्यांनी तिसऱ्यांदा बांधली.

बाई नागपूरच्या, बोलणे पुस्तकी. पण 'मले', 'तुले' म्हणणाऱ्या मुलाला त्या मध्येच टोकत नसत. तपासणीला आलेल्या साहेबांनी हरकत घेतली, तेव्हा म्हणाल्या, "आधी बोलू तर द्या, साहेब."

बिजलीला त्यांनीच पालावर जाऊन आणले होते. दर सोमवारी त्या सगळ्या मुलांच्या जागा बदलत, त्यामुळे प्रत्येकाला कधी ना कधी तिच्याशेजारी बसावे लागे. एक आई तणतणत आली. "माह्या पोरीजवळ पारधीण काऊन बसवली?" बाई म्हणाल्या, "पुढच्या सोमवारी तुमची पोरगी दुसरीकडे असेल. बिजली मात्र याच वर्गात असेल."

बिजली चार महिने वर्गात बोलली नाही. दोनदा शिकवायची पाळी आली, पण ती जागची उठली नाही. तिसऱ्यांदा बाई तिच्याजवळ जाऊन बसल्या आणि बराच वेळ हळू आवाजात बोलल्या. पुढच्या शनिवारी ती घोड्याच्या केसांचे फासे घेऊन आली. खुंट्या कशा रोवायच्या ते तिने दाखवले. तितराचा आवाज काढला. "हालू नोका, बाई. तितर लय हुशार असते," ती म्हणाली. बाई हलल्या नाहीत. वर्गाने टाळ्या वाजवल्या.

"तुहा बाप कुठी लावते फासे?" कोणीतरी विचारले.

"वांग्याच्या वाडीच्या धुऱ्यावर. तिथं लय उतरते."

ती वाडी आणि तिचा तो बांध आमचा होता.

संध्याकाळी जेवताना मी हे कौतुकाने सांगितले. त्याच आठवड्यात आमच्या विहिरीवरच्या इंजिनाचा पट्टा चोरीला गेला होता. बाबांचा घास हातातच राहिला.

"आपल्या धुऱ्यावर? कोणं सांगतलं तुले?"

"बिजलीनं. शाळेत."

सकाळी गावातली माणसे पालांवर गेली. मीही मागे गेलो. पट्टा सापडला नाही. तरी पाले उपटण्यात आली. बाई धावत आल्या तेव्हा अर्धे सामान गाढवांवर चढले होते. "तिला मी बोलायला लावलं," त्या बाबांना म्हणाल्या. "तिनं चोरी सांगितली नाही, काम सांगितलं."

"तुमच्याच शाळेत सांगतलं ना, बाई? मंग आता तुमी मधी नोका पडू."

बाईंनी बिजलीला हाक मारली. तिने वर पाहिले नाही.

पुढच्या शनिवारी शेवटच्या तासाला मी विचारले, "बाई, आज कोणाची पाळी?"

"भूगोल काढा," त्या खुर्चीवरून म्हणाल्या.

बऱ्याच वर्षांनी मी बातमीदार झालो. बाईंची बदली आष्टीला झाली होती. तिथल्या बाजारात त्या भेटल्या. केस पांढरे झाले होते. घरी मीच सांगितले होते, हे मी त्यांना सांगितले.

"माहीत आहे," त्या म्हणाल्या. "तू लहान होतास. मी नव्हते. चार महिने ती गप्प होती. का गप्प राहायचं ते तिला कळत होतं."

त्या वर्षी मी गावच्या शाळेत जाऊन जुने दाखल-खारीज रजिस्टर पाहिले. बिजलीच्या नावापुढे शाळा सोडल्याचे कारण 'सतत गैरहजर' असे लिहिले आहे. अक्षर बाईंचे आहे.