शांत तासाची निमिया

निमिया कबान्यास आमच्या आसुन्सिओन शहरातल्या एका विमा कंपनीत गाड्यांच्या अपघातांचे दावे तपासायची. नवरा नाही, मूलबाळ नाही. जे काय होतं ते ऑफिस. सकाळी ऊन चढलं की ती तेरेरे करायची. शिंगाच्या पेल्यात पाला, वरून बर्फाचं पाणी, सगळ्यांना मिळून एक नळी. पेला टेबलावरून टेबलावर फिरायचा आणि मागोमाग निमिया. कुणाच्या पोराला दात आले, कुणाकडे सासू येऊन बसली, सगळं तिला ठाऊक. विल्फ्रिदोची बायको आजारी पडली तेव्हा तो दवाखान्यात बसायचा आणि त्याचं काम निमिया उरकायची.

मग इन्साउराल्दे नावाचे नवे साहेब आले. काम मागे पडतंय म्हणून त्यांनी सगळ्यांना समोर बसवलं.

"स्पष्ट बोला. तुमचं लक्ष सगळ्यात जास्त कोण मोडतं? नाव आलं नाही, तर कुणाला काढायचं ते मी ठरवीन."

मग विल्फ्रिदो खाली बघत म्हणाला, "निमियाताई."

निमिया हसली. "मेल्या, रोज माझ्या हातचं पितोस आणि माझंच नाव घेतोस?"

बाकी कुणी हसलं नाही. शेजारणीनं तेच नाव घेतलं, मग तिच्या शेजारच्यानं. आयतं नाव मिळाल्यावर सगळ्यांच्या जिभा सुटल्या.

"राग मानू नका ताई, पण तुमच्या गप्पा संपतच नाहीत हो."

"आणि तो उष्टा पेला! मला तर किळसच येते," असं म्हणणारा रोज मागून मागून प्यायचा.

निमियाचं टेबल संडासाशेजारी, भिंतीकडे तोंड करून लावलं. पेला घरी गेला. सकाळी 'शांत तास' सुरू झाला: बोलायचं नाही, उठायचं नाही, मोबाईल पत्र्याच्या डब्यात.

सुरुवातीला तिचे खांदे हलताना मागच्यांना दिसायचे. कुणी उठून तिच्यापाशी गेलं नाही. पुढे खांदे हलायचे थांबले आणि ती नुसती काम करू लागली. वर्ष सरेपर्यंत तिच्याइतके दावे कुणीच निकाली काढत नव्हतं. "बघा, शिका जरा," साहेब सगळ्यांदेखत म्हणाले, आणि शांत तासाची देखरेख त्यांनी तिच्याकडेच दिली. मोबाईलचा डबाही.

तिनं कधी आवाज चढवला नाही. कुणी खुर्ची सरकवली की ती मान वळवून बघायची. माणूस खाली बसायचा.

एका सकाळी डब्यात मोबाईल थरथरायला लागला. थांबला, पुन्हा थरथरला. पत्र्यावर तो आवाज खोलीभर ऐकू येत होता.

"ताई, माझा आहे का हो?" विल्फ्रिदोनं विचारलं.

"शांत तास आहे."

"घरी बायकोला बरं नाहीये. निदान नाव बघा."

निमियानं डब्यात पाहिलं. त्याच्या मुलीचं नाव होतं. "बाकीच्यांचं लक्ष मोडतंय, विल्फ्रिदो."

त्यानं बाकीच्यांकडे पाहिलं. सगळ्यांच्या माना खाली. नोकरी गेली असती तर बायकोची औषधं गेली असती. तो बसला. निमियानं रुमालाची घडी करून मोबाईलखाली सारली. मग आवाज आला नाही.

वेळ संपल्यावर तिनं मोबाईल त्याच्या हातात ठेवला. त्यानं घरी फोन लावला. बायको गेली होती. शेवटपर्यंत त्यालाच बोलवा म्हणत होती.

संध्याकाळी अख्खं ऑफिस त्याच्या घरी गेलं. निमियाही गेली. मुलगी सगळ्यांना पाणी देत फिरत होती. निमियाच्या हातात पेला देऊन ती थांबली.

"बाबांचा मोबाईल कुणाकडे होता?"

"माझ्याकडे."

"वाजलेला कळला नाही तुम्हाला?"

"कळला."

मुलीनं तिच्या हातातला पेला काढून घेतला. "जा तुम्ही."

निमिया उठली आणि गेली. तिला दारापर्यंत सोडायला कुणी आलं नाही. कुणी तिला दोषही दिला नाही, कारण सकाळी ऑफिसच्या खोलीत सगळेच होते. पुढच्या महिन्यात साहेबांनी तिला बढती देऊन एन्कार्नासिओनच्या शाखेवर पाठवलं. तिथली माणसं फार बोलतात, अशी तक्रार होती.