गुंड्याची आक्का

आधी ती वास घ्यायची. बोका मांडीवर आडवा पाडायचा, जखमेजवळ नाक न्यायचं आणि डोळे मिटून म्हणायचं, "पू हाय रं आत, गड्या." तुमच्याही गल्लीत अशी एखादी असेल, जिच्याकडं सगळ्यांची जनावरं आपणहून जातात. आमच्या कुपवाडच्या गल्लीत ती माझ्या शेजारच्या दारात होती. सगळे तिला आक्का म्हणायचे. मीही म्हणायचे, पण दातओठ खात.

कारण बोका माझा होता. गुंड्या. डोळेही उघडले नव्हते तेव्हा मला कारखान्याच्या पत्र्यामागं सापडलेला. कापसाच्या बोळ्यानं दूध पाजून मी त्याला जगवलं. आणि हाच पठ्ठ्या मारामारी करून आला की माझ्या दारावरनं लंगडत पुढं जायचा आणि तिच्या उंबऱ्यावर अंग टाकायचा. भूक लागली की मी, दुखलं की ती. माझा नुसता जळफळाट व्हायचा.

आक्का मूळची आटपाडीकडची. उभा जन्म मेंढरांमागं गेलेला. कळप मोडल्यावर नवऱ्याला इथं रखवालदारी मिळाली, म्हणून दोघं आलेली.

एकदा सकाळी गुंड्याच्या मानेला चावा दिसला. कामावर जायची घाई, म्हटलं संध्याकाळी दवाखान्यात नेऊ. परत येते तर बोका अर्धा भादरलेला. खांद्यापासून शेपटीपर्यंत एक बाजू सफाचट, आणि शेजारी मेंढरांची कातर पडलेली. गल्ली पोट धरून हसत होती.

"आवं आक्का, ही काय दशा केलीसा माझ्या बोक्याची?"

"लोकर काढल्याबिगर जखम घावत न्हाई, बाय."

"ते मेंढरू हाय व्हय?"

"न्हाई. पर चावा दोन जागी हाय. तू एकच बगितलास."

बगलेमागं खरंच दुसरा होता. वरनं मिटलेला, आत टरटरून फुगलेला. तसंच दोघींनी त्याला दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी दोन्हीकडचा पू काढला, गोळ्या दिल्या आणि म्हणाले, "अर्धाच कशाला, सगळाच भादरायचा होता." बोका माझा, पण जखम कशी धुवायची ते सगळं आक्काकडं बघून सांगितलं. मी आपली पिशवी धरून उभी.

गोळी मी मासळीत घालून द्यायचे. मासळी तो खायचा, गोळी माझ्या पायाशी टाकायचा. आक्का त्याला गुडघ्यात धरायची, जबड्याच्या कोपऱ्यात बोट घालायची, की गोळी आत. मग जिभेनं च्यक च्यक करत म्हणायची, "शाना माजा बाळ." माजा! त्या एका शब्दापायी मी आठवडाभर तिच्याशी धड बोलले नाही. तिला त्याचा पत्ताही नव्हता.

रोज कोमट पाण्यानं जखम पुसताना एकच सांगायची, "वरनं मिटली म्हंजी बरी झाली न्हवं. आतनं भरत यायला पायजे."

तिचा मुलगा तिकडं लांब दक्षिणेत, गलाईच्या दुकानात सोनं गाळतो. त्यानं दोघांना कायमचं बोलावून घेतलं. खरं सांगते, मला बरं वाटलं. टेम्पोत बसताना ती म्हणाली, "बोका तुजाच हाय, बाय. माजी नुसती जखम." मी हसले. मनात म्हटलं, आता जाशील कुठं, गुंड्या?

गेल्या महिन्यात कळलं. खांदा सुजलेला, अन्नाला तोंड नाही, आणि बसला कुठं, तर तिच्या कुलूप लावलेल्या दारात. हात लावला तर कान भाजत होते. उचलायला गेले तर फिस्कारून मनगट ओरबाडलं. पलीकडं उसाचं रान. तिथं एकदा शिरला असता तर तापानं मेलेलाच सापडला असता.

मग मी काय केलं, हसू नका. तिच्या उंबऱ्यासमोर तिच्यासारखी मांडी घालून बसले. जिभेनं च्यक च्यक केलं आणि तिच्याच आवाजात म्हटलं, "ये रं गड्या."

त्यानं कान टवकारले. मान वर करून माझ्या मागं बघितलं. बराच वेळ बघत राहिला. मागं कुणीच नव्हतं. मग उठला आणि सुजलेला खांदा माझ्या मांडीवर टेकला.

मी वाकून वास घेतला. "पू हाय रं आत," म्हटलं आणि त्याला चादरीत गुंडाळून दवाखान्याकडं निघाले.

वळणापर्यंत तो माझ्या खांद्यावरनं त्या कुलपाकडंच बघत होता. जळलं मेलं, मीही एकदा वळून बघितलं.