खालच्या मजल्यावरचं पायदळ

जर्मनीत, इंगोलश्टाटला आमच्या खालच्या मजल्यावर सिकंदराचं पायदळ राहायचं. म्हणजे माणूस होता एकटाच. कार कंपनीत गिअरबॉक्स तपासायचा आणि रविवारी हौस म्हणून मित्रांबरोबर मैदानात सिकंदराच्या सैनिकांसारखी फॅलँक्स करायचा, म्हणजे भाले रोखून उभी राहिलेली दाट फळी. वर्ल्डकपच्या उन्हाळ्यात सगळ्यांच्या बाल्कनीत झेंडे लागले. याच्या बाल्कनीतून सहा मीटरचा भाला बाहेर आलेला. गाडीबाहेर येणाऱ्या लांब सामानाचा नियम म्हणून टोकाला लाल फडकं.

एका दुपारी माझ्यामागे दार आपोआप बंद झालं. किल्ली आत, खिडकीच्या चौकटीला लटकवलेली, आणि शेगडीवर वरणाचा कुकर. खिडकी तेवढी उघडी होती. तो भाला घेऊन अंगणात आला. मी मदतीला पुढे झालो तर ओरडलाच, "नाइन! नाही! तुम्ही दुसऱ्या रांगेत!"

मी निमूट त्याच्यामागे उभा राहिलो. वर कुकर शिट्ट्या देतोय, खाली आम्ही दोघं भाला पेलतोय. शेवटी भाल्याच्या टोकाने निघून किल्ली खाली अंगणात पडली.

"सिकंदर खूश झाला असता," मी म्हणालो.

"तो घोड्यावर असायचा," घाम पुसत तो म्हणाला. "नाव त्याचं झालं, हात आपले भरून येतात."

रविवारी सकाळी बेल वाजली. दारात तो होता आणि त्याच्यामागे जिनाभर पसरलेले दोन भाले.