मालक लहरी आहेत

जुन्नर तालुक्यात लाटांवर अधिकारवाणीने बोलणारा आणि जन्मात एकदाही समुद्र न पाहिलेला असा एकच माणूस होऊन गेला, आणि तो माझ्या आत्याचा नवरा होता. आमच्याकडे आत्याच्या यजमानांना मामा म्हणतात, म्हणून मीही त्यांना मामाच म्हणत आले. ओतूरला एसटी स्टँडसमोर त्यांचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान कधी उघडेल हे पंचांगातही सापडलं नसतं. एकदा कंटाळलेल्या कुणा गिऱ्हाइकाने बंद फळीवर खडूने लिहून ठेवलं, 'मालक लहरी आहे. दुकान उघडं दिसलं तर नशीब समजा.' दुसरा कोणी असता तर चिडला असता. मामांनी दुसरं वाक्य पुसलं, पहिल्यातल्या 'आहे'चं 'आहेत' केलं आणि पेंटरला बोलावून ते निळ्या ऑइलपेंटने कायमचं रंगवून घेतलं. "लहरीवर प्वॉट भरनारा मानूस लहरी नसंल तर काय गवंडी असंल?" असं ते विचारायचे. रेडिओवर 'मध्यम लहरी' हे शब्द आले की कोणीतरी आपलं नाव घेतल्यासारखे ते मान डोलवत.

अकरावी-बारावीला मी त्यांच्याकडे राहून शिकले. नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. वस्तीवरचं त्यांचं घर म्हणजे पुढे ओटा, मागे विहीर आणि मधल्या प्रत्येक कोनाड्यात पोट फाडलेला एकेक रेडिओ. माझं भौतिकशास्त्राचं पुस्तक मामांनी पहिल्याच आठवड्यात ताब्यात घेतलं आणि तरंगांचा धडा सोडून बाकीचं पुस्तक उगाच छापलंय असा निकाल दिला. अवतरंग त्यांनी गायीच्या दाव्याला हिसके देऊन समजावला, तोवर ठीक होतं. अनुतरंग समजावायला ते मला स्टँडवर घेऊन गेले. नारायणगावच्या गाडीला ही मोठी रांग लागली होती. मामांनी शेवटच्या माणसाला पाठीमागून एक बेताचा धक्का दिला. तो धक्का माणसामाणसातून सरकत सरकत दारातल्या कंडक्टरपर्यंत पोचला आणि त्याची तिकिटांची पेटी खाली पडली. "बगितलं का पोरी? येक बी मानूस जागचा हालला न्हाई, पर धक्का पोचला!" मामा आनंदाने ओरडले. माणसं त्यानंतर जागची हलली आणि आम्ही तिथून पळालो. पण बारावीला तो प्रश्न आला आणि मला त्यात पैकीच्या पैकी मार्क मिळाले, हेही सांगायला हवं.

लाट जाते आणि पाणी जागच्या जागी राहतं, हा मामांचा सगळ्या जगाला लागू असलेला सिद्धांत होता. निवडणुकीत प्रचारवाले दुकानात येऊन विचारायचे, "काय मामा, औंदा कुनाची लाट?" मामा त्यांना घरी आणून विहिरीत बुचाचा तुकडा टाकून दाखवायचे. "लाट आली, लाट ग्येली, आन् बूच बगा कुटं हाय. तितंच! त्ये बूच म्हंजी आमी." प्रचारवाले पुढच्या वेळी दुकान टाळून जात. थंडीची लाट आली की द्राक्षवाले हवालदिल व्हायचे. मामा त्यांना धीर देत, "लाट हाय म्हंजी तिच्यामागं खळगा असनारच. परवापतुर ऊब येतीया." हे तीन-चार वेळा खरं ठरलं. खोटं ठरलं ते कुणी मोजलं नाही, कारण मामांनी मोजू दिलं नाही. बेल्ह्याच्या बाजारात तर बैल घेणारे त्यांना मुद्दाम टेम्पोत घालून नेत. मामा बैलाचे दात बघत नसत. पाठीवर माशी बसायची वाट बघत उभे राहत. कातडं थरथरलं की ती लहर खांद्याकडून मागे गेली की मागून पुढे आली, यावर त्यांचा शेरा. व्यापारी कपाळाला हात लावायचे. एकदा एक जण वैतागून म्हणाला, "पावनं, बैल घेताय का रेडिओ?"

एका वर्षी माझ्या वडिलांनी त्यांना अलिबागला चला म्हणून फार आग्रह केला. मामांनी साफ नकार दिला. "त्या नुसत्या पान्याच्या. त्यात काय बगायचं? डोळ्यांना दिसत्यात त्या लाटांचं मला कवतिक न्हाई."

डोळ्यांना न दिसणाऱ्या लाटांचं मात्र फार कौतुक. त्याच सुमारास नारायणगावच्या बाजूला शेताशेतांतून त्या प्रचंड तबकड्या उभ्या राहायला लागल्या. आभाळातून येणाऱ्या रेडिओलहरी पकडायच्या तबकड्या. लोकांना वाटलं, आता टीव्ही फुकटात स्वच्छ दिसणार. मामा दर रविवारी एसटीने जाऊन कुंपणाबाहेर उभे राहू लागले. तिथल्या वॉचमनशी त्यांनी तंबाखूवर दोस्ती केली. त्याच्याकडून त्यांना दोन गोष्टी कळल्या. एक, ताऱ्यांकडून येणाऱ्या त्या लहरी माणूस जन्मायच्या आधीच तिकडून निघालेल्या आहेत. दोन, त्या इतक्या नाजूक असतात की जवळपास कुठे ठिणगी उडाली तरी त्यांच्यात खरखर होते. मामा घरी आले ते गंभीर होऊन, आणि त्यांनी पहिलं काम केलं ते म्हणजे आत्याचा मिक्सर बंद.

हा मिक्सर माझ्या वडिलांनी तिला भाऊबिजेला दिला होता. वस्तीवरचा पहिला मिक्सर. आत्याने त्याला हळदकुंकू वाहिलं होतं. रेडिओ दुरुस्त करणाऱ्याला मिक्सरच्या मोटरीतली ठिणगी काय करते ते पक्कं माहीत, पण आमच्या स्वयंपाकघरापासून त्या तबकड्या कोसांवर होत्या, हे मीही सांगून पाहिलं. मामा ऐकेनात. "करोडो वर्सं चालत आल्यात त्या. आन् दारात आल्याव तुज्या शेंगदाण्याच्या चटनीनं त्यांची वाट आडवायची?"

"मंग त्या ताऱ्यास्नी म्हनावं, खाली या आन् वाटन वाटून द्या," आत्या म्हणाली. मिक्सर परत खोक्यात गेला, खोकं फडताळावर गेलं, आणि आत्या पाट्यासमोर बसली ती वर्षानुवर्षं. वरवंट्याचा प्रत्येक फेरा ती मामांच्या नावाने फिरवायची, असं माझं मत आहे.

मी शिकून पुण्याला नोकरीला लागले. सणावारी जायचे. दोन हजार सालानंतर मामांच्या बोलण्यात एक नवी तक्रार सुरू झाली. "तुजी आत्या माजं आजिबात आयकत न्हाई." ओट्यावर बसलेल्या कुणालाही ते हेच सांगत. सगळे हसायचे. "राव, कुनाची बायकू आयकती?" असं म्हणत एकमेकांना टाळ्या द्यायचे. मीही हसले होते. आत्याने इतकी वर्षं त्यांचं ऐकलं, आता जरा विसावा घेत असेल, असं म्हणून मी त्यांना चिडवलंही होतं. मामा हसले नव्हते. तेव्हा ते माझ्या ध्यानात यायला हवं होतं.

एका दिवाळीला मी स्वयंपाकघरात आत्याशेजारी करंज्या भरत बसले होते. कुकरची शिट्टी झाली. आत्या उठली नाही. दुसरी झाली, पाचवी झाली, सातवी झाली. डाळ करपल्याचा वास आला तेव्हा ती माझ्याकडे वळून म्हणाली, "शिट्टी व्हत कशी न्हाई गं अजून?"

मी तशीच बाहेर गेले. मामा ओट्यावर एक रेडिओ मांडीवर घेऊन बसले होते. मी म्हटलं, "मामा, आत्याला ऐकूच येत नाही."

त्यांचा स्क्रूड्रायव्हर हातातच राहिला. हा माणूस समोरच्या हॉटेलात लागलेला रेडिओ दुकानात बसून ऐकायचा आणि त्याचा कोणता भाग निकामी झालाय ते सांगायचा. घरातलं त्यांना कळलं नव्हतं. ते म्हणाले, "दोन वर्सं मी सगळ्यास्नी सांगत व्हतो, आयकत न्हाई म्हून. माज्याच तोंडानं सांगत व्हतो. आन् मलाच उमगलं न्हाई." मग रेडिओ बाजूला ठेवून ते आत गेले, आणि खाली बसून आत्याबरोबर करंज्या कातू लागले. आत्याने माझ्याकडे बघून भुवया उंचावल्या. तीस वर्षांत असं घडलं नव्हतं.

पुण्याच्या डॉक्टरांनी सांगितलं की कानाच्या आतली चिमुकली हाडं आखडली आहेत, आतली शीर चांगली आहे, ऑपरेशन करता येईल. आत्या म्हणाली, "माज्या कानाला सुरी लावायची न्हाई." ऐकायचं यंत्र आणलं. ते सारखं शीळ घालतं म्हणून तिने ते बाजरीच्या पिठाच्या डब्यात टाकून दिलं. पण मामांनी हाय खाल्ली नाही. "शीर शाबूत हाय म्हंजी रेडिओ शाबूत हाय. एरियलचा घोळ हाय नुसता. मी आवाज आत पोचवनार, कुटूनबी पोचवनार," असं त्यांनी मला बजावलं, जणू मीच आडवी येत होते.

दुकान आता खरोखरच नशीब असेल तर उघडं दिसू लागलं. मामांनी आधी स्वयंपाकघरात लग्नातला कर्णा बसवला. ओट्यावरून त्यांनी माइकमध्ये 'च्या टाक' म्हटलं आणि वस्तीवरच्या पाच घरांत चहा टाकला गेला. आत्या शांतपणे लसूण सोलत होती. मग पत्र्याचा भोंगा झाला, रबरी नळी झाली. एकदा तर आत्याच्या पाटालाच स्पीकर जोडून झाला. ती किंचाळून उठली आणि चार दिवस मामांशी बोलली नाही. ती न बोलल्यामुळे घर अगदीच मुकं झालं. पुण्याला फोन करून मामा मला म्हणाले, "पोरी, लई शांत वाटतंय गं." मामांना शांततेचा त्रास होतो, हे मला तेव्हा कळलं.

मार्ग सापडला तो विहिरीवर. मोटर घरघरत होती म्हणून मिस्त्री आला होता. त्याने लांब स्क्रूड्रायव्हरचं टोक मोटरवर टेकवलं, मूठ कानामागच्या हाडाला लावली आणि डोळे मिटून म्हणाला, "बेअरिंग ग्येलंय." सगळे मिस्त्री असंच करतात आणि मामांनी हे हजारदा पाहिलं होतं. पण त्या दिवशी ते मिस्त्रीच्या हातातून स्क्रूड्रायव्हर हिसकावून घराकडे धावले. हाडातून लहर जाते! कानाचा दरवाजा बंद असेना का, भिंत तर आहे!

आत्या पोळ्या करत होती. मी योगायोगाने तिथेच होते. स्क्रूड्रायव्हर बघून ती मागे सरकली. "त्ये लोखंड मी लावून घ्यायची न्हाई." मामांनी इकडेतिकडे पाहिलं आणि तिच्या हातातलं लाटणं घेतलं. तिच्याच पदराने टोकं पुसली. एक टोक तिच्या कानामागे टेकवलं, दुसरं स्वतःच्या गळ्याच्या घाटीला लावलं. दोघं गुडघ्याला गुडघा लावून बसलेली, मध्ये पीठ लागलेलं लाटणं. तव्यावर पोळी जळत होती, पण ती काढायला मी काही उठले नाही.

मामांनी लाटण्याचं टोक घाटीवर पुन्हा पुन्हा नीट बसवलं. ज्याने आख्ख्या तालुक्याला लाटा समजावल्या, तो बायकोसमोर टोकच जुळवत बसला. आत्या म्हणाली, "बोला की."

मामा खाकरले आणि हळूच म्हणाले, "उद्यापास्नं मिक्सर लाव."

आत्याचे डोळे मोठे झाले. ऐकू आलं होतं, ते तिच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसत होतं. पण ती म्हणाली, "नीट आयकाय आलं न्हाई. परत म्हना." मामांनी परत म्हटलं. "आजून येकदा." मामांनी आणखी एकदा म्हटलं. चौथ्यांदा म्हणताना त्यांचा आवाज फुटला, आणि आत्याने लाटणं न हलवता दुसऱ्या हाताने त्यांच्या डोळ्यांना पदर लावला. मीही रडले. सांगायला लाज कसली?

पुढे रोज संध्याकाळी दोघं ओट्यावर लाटणं लावून बसत. रस्त्याने जाणाऱ्या एका नवख्याने दुकानात येऊन कळवळून विचारलं होतं म्हणे, "मामा, त्या बाई तुमाला रोज लाटण्यानं मारत्यात व्हय?" मामांनी त्यालाही समोर बसवून अनुतरंग समजावला.

मामा जाऊन आता काही वर्षं झाली. दुकान गेलं, तिथे मोबाइलवाला आला, पण फळीवरची निळी अक्षरं त्याने राहू दिली आहेत. परवा मी आत्याकडे गेले होते. ती पाट्यावर चटणी वाटत होती. सांधे धरलेत, बसताना कण्हते, तरी पाट्यावरच. फडताळावर मिक्सरचं खोकं होतं. उघडून पाहिलं तर आत भाऊबिजेचं हळदकुंकू अजून तसंच, आणि वायरला मामांनी बांधलेली सुतळीही सुटलेली नव्हती.

मी लाटणं घेतलं. एक टोक तिच्या कानामागे टेकवलं, दुसरं माझ्या गळ्याला. म्हटलं, "आत्या, मामांनी तर तुला सांगितलं होतं ना, मिक्सर लाव म्हणून? चार-चार वेळा सांगितलं होतं."

"सांगितलं व्हतं की," आत्या म्हणाली. नारायणगावच्या तबकड्यांच्या दिशेला तिने एकदा बघितलं आणि वरवंटा पुन्हा हातात घेतला. "पर मी कवा त्यांचं आयकलंय?"